अफगाण चर्च : कुलाब्याच्या दगडांत कोरलेलं युद्ध

कुलाब्यात नेव्ही नगरकडे निघालं की झाडांच्या वर एक दगडी सुळका डोकावतो. उंची १९८ फूट. बंदरात येणाऱ्या जहाजांना हा मनोरा खुणेसारखा दिसावा, अशी सरकारची अटच होती. चर्चचं पूर्ण नाव सेंट जॉन द इव्हँजेलिस्ट, पण मुंबई त्याला ओळखते ती अफगाण चर्च म्हणून.

या नावामागे एक फसलेली मोहीम आहे. १८३९ साली ईस्ट इंडिया कंपनीच्या फौजा अफगाणिस्तानात घुसल्या. जानेवारी १८४२ मध्ये काबूलहून माघार घेताना सुमारे ४,५०० सैनिक आणि १२,००० च्या आसपास बाजारबुणगे बर्फाळ खिंडींत अडकले. कुणी कापले गेले, कुणी गारठून मेले, कुणी कैद झाले. या मोहिमेत आणि सिंधच्या लढायांत मेलेल्यांचं स्मारक म्हणून हे चर्च उभं राहिलं.

४ डिसेंबर १८४७ रोजी गव्हर्नर जॉर्ज क्लार्क यांनी पायाभरणी केली. आराखडा हेन्री कॉनिबेअर यांचा. मुंबईला विहार तलावाचं पाणी मिळालं, ते याच इंजिनिअरच्या योजनेमुळे! ७ जानेवारी १८५८ ला चर्च उपासनेसाठी खुलं झालं, पण सुळका पुरा व्हायला १८६५ उजाडलं. त्या कामाला पारशी दानशूर कावसजी जहांगीर रेडीमनी यांनीही हातभार लावला.

आता आत चला. बाहेरचा पिवळसर बेसॉल्ट मागे पडतो आणि पोरबंदरी दगडाच्या टोकदार कमानी समोर येतात. वर सागवानी छप्पर, पायाखाली इंग्लंडहून आणलेल्या रंगीत फरशा. पूर्व-पश्चिमेच्या खिडक्यांतल्या चित्रकाचा न्यूकॅसलच्या विल्यम वेल्स यांच्या. मुंबईत गॉथिक शैली पुढे स्टेशनं, कोर्ट, विद्यापीठ अशी सगळीकडे पसरली, त्याआधीचं हे काम. त्यात भपका नाही, प्रमाणबद्धता आहे, आणि म्हणूनच मला ते नंतरच्या इमारतींपेक्षा सरस वाटतं.

बाकांकडे जरा नीट पाहा. लाकडात खाचा दिसतील. प्रार्थनेला येणारे सैनिक आपल्या बंदुका इथे टेकवून ठेवत.

पण या वास्तूत सगळ्यात जास्त वेळ थांबावं ते वेदीजवळच्या भिंतींपाशी. इथे अधिकाऱ्यांची नावं लिहिली आहेत. साध्या शिपायांबद्दल स्मृतिलेख एवढंच सांगतो, की ते इतके होते की त्यांची नावं नोंदवणं शक्य नाही.

हे वाक्य मराठी माणसाने थांबून वाचायला हवं. मुंबईच्या फौजेत तेव्हा कोकणातले शिपाई मोठ्या संख्येने होते. १८४० साली बलुचिस्तानातला काहानचा किल्ला मुंबईच्या पाचव्या नेटिव्ह इन्फन्ट्रीच्या एका तुकडीने लढवला. मरी या बलुची जमातीच्या टोळ्यांनी वाटा तोडलेल्या, कुमक वाटेतच परतवलेली, तरी महिनोन्‌महिने किल्ला पडला नाही. अखेर तह करून हे शिपाई हत्यारांसह बाहेर पडले. तीच पलटण आज मराठा लाइट इन्फन्ट्रीची दुसरी बटालियन आहे, आणि 'काली पांचवी' हे जुनं नाव ती अजून अभिमानाने लावते.