अनुदान बंद

हे झाकण बघा. बिडाचं आहे, रस्त्याच्या मधोमध बसवलंय, आणि कडेला आमच्या मामाच्या फौंड्रीची खूण अजून स्पष्ट दिसतीय. ४ पावसाळे झाले, वरून रोज टेम्पो जातात, झाकण काय हललेलं नाही. पैसे तेवढे आलेले नाहीत.

मामाची फौंड्री बेळगावच्या उद्यमबागेत, म्हणजे पाच-सहा माणसांचं काम, बारकं. एका सरकारी खात्याला चेंबरची झाकणं दिली. निम्मी वर्क ऑर्डरवर, आणि उरलेली निव्वळ फोनवर, कारण साहेब म्हणाले पावसाच्या आत पाठवा, ऑर्डर मागनं काढू, आणि आपल्याकडं साहेबांच्या शब्दाला कोण नाही म्हणतंय. माल उतरला, चलनावर सही-शिक्का झाला, ते साहेब बदलून गेले, नवीन आलेले विचारतात ऑर्डर कुठाय.

मग सुरू झालं ते 'नाळे बर्री', उद्या या. दोन वर्षं मामा टिफिन घेऊन त्या व्हरांड्यात बसला. कोर्टात जायला भ्यायचा, पुढचं काम मिळायचं नाही म्हणून. ही भीती मला समजते, पण विकल्या मालाच्या पैशासाठी दावा लावायला कायद्यानं ३ वर्षं मिळतात, उधारीची मुदत ठरली नसेल तर माल पोचवल्या दिवसापासनं, आणि 'बघतो, करतो' असं तोंडी कितीही सांगितलं तरी ती मुदत थांबत नाही.

आता हा कागद बघा, सगळ्यात महत्त्वाचा हाच. तिसऱ्या वर्षी मामानं मराठीत अर्ज दिला, इनवर्डचा शिक्का घेतला, त्याला कन्नडमध्ये उत्तर आलं. मामाला कन्नड वाचता येत नाही, बोलायलाही बाजारापुरतंच. शिपायानं घाईत वाचून दाखवलं, त्यातलं 'अनुदान बंद' एवढंच मामाच्या कानात राहिलं. बंद झालं म्हणजे संपलं, असं समजून मामानं तो कागद फाईलला लावला आणि घरी येऊन न जेवता झोपला.

आठ महिन्यांनी मामाच्या मुलीनं, ती कन्नड शाळेत शिकलीय, ती ओळ पूर्ण वाचली. 'अनुदान बंद मेले पावतिसलागुवुदु.' कन्नडमध्ये बंद म्हणजे आलं. अनुदान आल्यावर पैसे दिले जातील, खाली अधिकाऱ्याची सही, तारीख. वकील तो कागद दोनदा वाचून म्हणाले, ही देणं असल्याची लेखी कबुली आहे, आणि ३ वर्षं संपायच्या आत दिलीय. लिमिटेशन ॲक्टच्या कलम १८ नं त्या सहीपासनं मुदत नव्यानं सुरू होते.

फोनवरच्या मालाचं काय? काँट्रॅक्ट ॲक्टचं कलम ७० आहे. फुकट द्यायचा हेतू नव्हता, समोरच्यानं माल घेतला, वापरला, तर भरपाई द्यायला लागते. बंगालच्या बी. के. मंडल खटल्यात सुप्रीम कोर्टानं हे सरकारलाही लावलं, तिथंही रीतसर करार नव्हता आणि काम मात्र अधिकाऱ्यांच्या सांगण्यावरून झालेलं.

शिवाय मामाचं उद्यम रजिस्ट्रेशन, म्हणजे बारक्या उद्योगांची सरकारी नोंदणी, माल द्यायच्या आधीचं होतं, हे फार बरं झालं. २००६ च्या एमएसएमई, म्हणजे सूक्ष्म, लघु आणि मध्यम उद्योगांच्या कायद्यात १५ दिवसांत मालाबद्दल लेखी तक्रार नाही म्हणजे माल स्वीकारला, आणि पैसे जास्तीत जास्त ४५ दिवसांत. उशीर झाला तर रिझर्व्ह बँकेच्या बँक रेटच्या तिप्पट व्याज, तेही महिन्याला चक्रवाढ. असले वाद याच कायद्याखालच्या कौन्सिलपुढं जातात, आणि तिच्या निकालाविरुद्ध खात्याला कोर्टात जायचं असेल तर आधी ७५ टक्के रक्कम भरायला लागते. सीमाभागातल्या किती बारक्या कारखानदारांना हे माहीतय? मी विचारत फिरलो, बहुतेकांनी नाही म्हणून मान हलवली.

मामाचा अर्ज आता कौन्सिलपुढं आहे. फाईलीत चलनं, फोनची बिलं, ते पत्र, आणि पत्राला जोडलेलं मराठी भाषांतर, मामाच्या मुलीच्या अक्षरातलं. मामा भट्टीवरच भेटतो, आज पण साचे भरायला लागलाय.