इंग्रजी कादंबरी चालली, गावातलं नाटक नाही: न्गुगी वा थिऑन्गो

नमस्कार मंडळी! जुलै 1977, नैरोबी. एका कादंबरीचं प्रकाशन आहे. गोरे गेले, त्यांच्या खुर्चीत आपलेच बसले आणि गरिबाची लूट काही थांबली नाही, असं ती सरळ सांगते. प्रकाशनाला कोण आलंय? केनियाचे अर्थमंत्री म्वाई किबाकी! कादंबरी इंग्रजीत होती, 'पेटल्स ऑफ ब्लड'.

त्याच वर्षी डिसेंबर सरता सरता पोलीस त्याच लेखकाला, न्गुगी वा थिऑन्गो यांना, उचलून नेतात. आरोप नाही, खटला नाही. कारण मात्र गावभर ठाऊक होतं: एक नाटक. गिकुयू भाषेतलं, म्हणजे न्गुगींच्या मातृभाषेतलं.

न्गुगी तेव्हा नैरोबी विद्यापीठात शिकवत. तिथला इंग्रजी विभागच बंद करा, आफ्रिकेचं साहित्य मधोमध ठेवा, असं टिपण त्यांनी 1968 मध्ये दोन सहकाऱ्यांसोबत दिलं होतं. प्राध्यापकांची भांडणं म्हणून सरकारने तेही खपवून घेतलं असावं.

नाटकाचं तसं नव्हतं. लिमुरूजवळचं कामिरीथू हे न्गुगींचं गाव. न्गुगी वा मिरी नावाच्या दुसऱ्या एका लेखकासोबत त्यांनी संहिता लिहिली आणि गावासमोर ठेवली. चहामळ्यातले मजूर, कारखान्यातले कामगार यांनी ती दुरुस्त केली, उघडं नाट्यगृह स्वतः बांधलं, भूमिकाही स्वतःच केल्या. तालमी सगळ्यांदेखत. म्हातारा असा बोलत नाही, असं कुणीही मधेच सुनवायचं! गोष्ट किगुंडा या मजुराची. त्याच्याकडे दीड एकर जमीन आणि तिचा कागद, आपला सातबाराच समजा. चर्चमध्ये रीतसर लग्न लावायच्या नादात तो कर्ज काढतो आणि त्याचा श्रीमंत मालकच जमीन गिळतो. प्रेक्षकांत असे किगुंडा किती बसले असतील! ऑक्टोबरात सुरू झालेलं नाटक नोव्हेंबरात बंद पाडलं गेलं.

कामिती तुरुंगात त्यांनी ठरवलं, यापुढे कादंबरी गिकुयूतच. कागद? संडासातला. कैद्यांना दिला जाणारा तो कागद इतका खरखरीत की लिहायला मात्र झकास. त्यावर 'डेव्हिल ऑन द क्रॉस'ची मूळ गिकुयू कादंबरी उतरली.

1978 च्या डिसेंबरात सुटका झाली, नोकरी परत मिळाली नाही. 1982 मध्ये सरकारने ते नाट्यगृह जमीनदोस्त केलं. त्याच वर्षी न्गुगी लंडनला होते, परतलात तर अटक होईल असा निरोप आला आणि ते थांबले. पुढे येल, न्यूयॉर्क, मग कॅलिफोर्नियातलं अर्व्हाइन. इंग्रजी विभाग बंद करा म्हणणारा माणूस अमेरिकेत प्राध्यापक, असा टोमणा मारणारे भेटतात. मला तो फुसका वाटतो. कादंबरी ते आधी गिकुयूत लिहायचे, इंग्रजी अनुवाद नंतर.

2004 मध्ये बावीस वर्षांनी ते मायदेशी गेले, तर राहत्या जागेत घुसून त्यांच्यावर आणि पत्नीवर हल्ला झाला. मे 2025 मध्ये अमेरिकेतच ते गेले.

वाचायला सुरुवात करायची असेल तर 'डिटेन्ड' घ्या, त्यांची तुरुंगातली डायरी. कादंबऱ्या नंतर.