शेजार बदलला की चित्र बदलते

जुन्या चित्रफितींपासून नवी कलाकृती घडवणाऱ्याला एक गोष्ट पहिल्यापासून मान्य करावी लागते. कॅमेरा कुठे ठेवायचा, कुणावर रोखायचा आणि कधी थांबवायचा, हे सगळे दुसऱ्याच कुणीतरी, बहुधा निराळ्याच हेतूने, ठरवून टाकलेले असते. आपल्या हाती उरतो तो दृश्यांचा क्रम, त्यांचा कालावधी आणि त्यांचा शेजार. मात्र एवढ्या भांडवलावरही मूळ हेतू साफ उलटवता येतो.

सोव्हिएत संकलक एस्फिर शुब यांनी १९२७ साली जुने वृत्तपट आणि राजघराण्याच्या खासगी चित्रफिती जोडून रशियाच्या रोमानोव्ह राजघराण्याच्या सत्तेच्या पतनावर चित्रपट केला. त्यात जहाजाच्या डेकवर उच्चभ्रू मंडळी नाचून नाचून घामाघूम होतात आणि पाठोपाठ राबणारे शेतकरी दिसतात. टिपणाऱ्याने तो नाच कौतुकानेच टिपला असणार. शुब यांनी त्याला फक्त शेजारी बदलून दिला, आणि घामाचा अर्थच पालटला.

वेगाचेही असेच आहे. मूकपटांच्या काळात कॅमेऱ्याचा दांडा हाताने फिरवत आणि सेकंदाला १६ ते १८ चौकटी (फ्रेम) हा वेग सर्रास असे. ती फिल्म बोलपटाच्या २४ चौकटींच्या वेगाने चालवली की अंत्ययात्रासुद्धा लगबगीने निघाल्यासारखी दिसते आणि प्रेक्षक हसतो. ते हसू हवे असेल तर जरूर ठेवावे, पण ते नकळत पदरात पडलेले नसावे.

मग येते ती फिल्मची झीज. १९५० च्या दशकाच्या सुरुवातीपर्यंत वापरात असलेली नायट्रेट फिल्म ज्वालाग्राही तर असतेच, शिवाय ती कुजते, चिकट होते आणि अखेर तिची तपकिरी भुकटी होते. चित्रपटकार बिल मॉरिसन यांच्या २००२ सालच्या ‘डिकेजिया’ या चित्रपटात एक मुष्टियोद्धा अशा कुजक्या फिल्मच्या उसळत्या डागावरच ठोसे मारताना दिसतो. दृश्य विलक्षण आहे. तरीही सांगतो, या सौंदर्याची भुरळ फार लवकर पडते. डाग इतका देखणा असतो की चित्रातला माणूस कोण, हा प्रश्न मागे पडतो. आणि त्या माणसाला विचारून त्याचे चित्रण झालेले असतेच असे नाही. वसाहतींच्या राज्यकर्त्यांनी करवून घेतलेल्या चित्रणात तर क्वचितच.

म्हणून मी शॉटची टोके, म्हणजे त्याची सुरुवात आणि शेवट, आधी पाहतो. रांगेतला एखादा माणूस चालता चालता थबकतो, थेट भिंगाकडे पाहतो, आणि चौकटीबाहेरून आलेला कुणाचा तरी हात त्याला पुढे हो म्हणून खुणावतो. वृत्तपटाच्या संकलकाला हा तुकडा चुकीचा वाटला असता आणि त्याने तो कापला असता. मी नेमका तेवढाच ठेवतो. त्याचा वेग बदलत नाही, त्यावर संगीत घालत नाही आणि निवेदनही नाही.