शूटिंग सुटलं, पार्क धरलं

नमस्कार मंडळी. बेळगाव, खानापूर, निपाणी, चिकोडी, जिथनं कुठनं ऐकत असाल तिथल्या सगळ्यांना नमस्कार. मला आज माझ्या नोकरीबद्दल बोला म्हणून सांगितलंय. लहानपणी सीरियलमध्ये दिसणारा पोरगा थीम पार्कात कसा काय जाऊन बसला, हे लोक मला गल्लीत विचारतात, लग्नात जेवायच्या पंगतीत विचारतात, बसमध्ये शेजारी बसलेल्या काकू विचारतात, आणि विचारताना तोंड असं करतात की घरात कोण आजारी आहे की काय. "अरेरे, अ‍ॅक्टिंग सोडलास होय?" सोडली कुठं ओ. तीच करतोय, फक्त आता प्रेक्षक खुर्चीत बसत नाहीत, हातात पॉपकॉर्न घेऊन फिरत असतात.

सुरुवात आपल्या इथलीच. शाळेचं बालनाट्य, स्पर्धा, लोकमान्य रंगमंदिराच्या विंगेत अंगाला पावडर लावून घाम गाळत उभं राहणं, हे सगळं झालं, मग कुणीतरी ओळखीतनं कोल्हापूरला ऑडिशन आहे म्हणून सांगितलं आणि आई मला घेऊन पहाटेच्या बसनं निघाली. काम मिळालं. शूटिंग म्हणजे काय तर थांबणं. लायटिंग होईपर्यंत थांबा, विमान जाईपर्यंत थांबा, मोठ्या आर्टिस्टचा मेकअप होईपर्यंत थांबा, आणि मग "अ‍ॅक्शन" म्हटलं की एकदम ताजंतवानं रडायचं. ते मला जमायचं. पण एक दिवस ड्रेसवाले दादा माझ्या पँटची खालची शिलाई उसवत बसले होते, दुमडलेलं कापड सोडून पँट लांब करायला, आणि दोरा तोडता तोडता म्हणाले, "लई उंच व्हायलास की रे." कौतुकानं नव्हे, काळजीनं. पुढं सीरियलमध्ये लीप आला, म्हणजे कथा काही वर्षं पुढं गेली, आणि माझ्या जागी एक दाढीवाला हिरो आला. बालकलाकाराची नोकरी अशी असते बघा, वाढलास की गेलास.

आता असं होणारा मी काही पहिला नव्हे. 1953 च्या 'श्यामची आई' मधला श्याम, माधव वझे, मोठेपणी इंग्रजीचे प्राध्यापक झाले, नाटकं बसवली, नाट्यसमीक्षा लिहिली. 'मिस्टर इंडिया'तल्या पोरांपैकी अहमद खान डान्स बसवायला लागला आणि त्यात मोठा झाला. गंमत म्हणजे त्याच पिक्चरवर पुढं खोपोलीच्या इमॅजिका थीम पार्कात एक राइड निघाली, आणि इमॅजिका 2013 ला काढलं ते मनमोहन शेट्टींनी, ज्यांची आधी फिल्म प्रोसेसिंगची लॅब होती. हैदराबादला रामोजी फिल्म सिटी काढणारे रामोजी राव सुद्धा पिक्चर काढणारेच. पार्काचा धंदा आणि सिनेमाचा धंदा हे सख्खे नसले तरी चुलत भाऊ आहेतच. (बेंगळुरूजवळच्या बिडदीचं वंडरला पार्क मात्र काढलं ते व्होल्टेज स्टॅबिलायझर विकणाऱ्या माणसानं, ते कुठल्या नात्यात बसवायचं ते तुम्हीच बघा.)

तिकडं अमेरिकेत तर हे पहिल्या दिवसापासनं आहे. डिस्नेलँड उघडलं 17 जुलै 1955 ला, टीव्हीवर लाइव्ह दाखवलं, आणि त्यात डिस्नेच्या टीव्ही शोसाठी निवडलेली पोरं नाचायला होती. त्या दिवशी ऊन एवढं होतं की नवीन डांबरात बायकांच्या सँडलच्या टाचा रुतल्या म्हणतात. दोन वर्षांनी तिथल्या राजवाड्याच्या आतली वाट लोकांना खुली केली, ती करायला बोलावलं शर्ली टेंपलला, जी एकेकाळी जगातली सगळ्यात फेमस बालकलाकार होती आणि तोपर्यंत तीन पोरांची आई झालेली. पुढं ती अमेरिकेची राजदूत झाली, ते वेगळं. डिस्नेवाले अजून कामगाराला कामगार म्हणत नाहीत, कास्ट मेंबर म्हणतात, आणि लोकांसमोर आलं की तू स्टेजवर आहेस असं सांगतात. मला ते ऐकून हसू आलं नाही, कारण मला ते आमच्या बालनाट्याच्या बाईंनी आधीच सांगितलं होतं, विंगेच्या बाहेर पाय टाकलास की नाकात बोट घालायचं नाही.

मी पार्कात लागलो ते मॅस्कॉट म्हणून. म्हणजे तो भला मोठा फर लावलेला अस्वल वगैरे. आत एवढं गरम होतं की थोड्या थोड्या वेळानं बाहेर काढतात, पाणी पाजतात, मग दुसरा आत जातो. डोळ्यांना अस्वलाच्या तोंडातनं एवढंसं दिसतं, म्हणून बरोबर एक हेल्पर चालतो, पोरं मागनं शेपटी ओढतात ते त्यानं बघायचं. आणि बोलायचं नाही, काही झालं तरी नाही. एकदा एक बारकी पोरगी मला बघून किंचाळून रडायला लागली, मी लांबच खाली बसलो, हातांनी स्वतःचे डोळे झाकले, बोटांच्या फटीतनं बघितलं, परत झाकले. तिला वाटलं अस्वलच तिला भ्यालंय. मग आली जवळ. कॅमेऱ्यासमोर चेहरा विकला जातो, इथं चेहराच नाही, आणि खरं सांगू, कुणी ओळखत नाही याचं मला तेव्हा एवढं बरं वाटलं की काय सांगू.

नंतर राइडवर घेतलं. तिथं माझा सगळ्यात आवडता खांब आहे, उंचीपट्टीचा. रेषेच्या वर डोकं गेलं तर आत, नाहीतर बाजूला. पोरं काय काय करतात, टाचा उचलतात, आईनं डोक्यावर उंच शेंडी बांधून पाठवलेलं असतं, ती आम्ही हातानं दाबतो, बापलोक म्हणतात, "एक बोट तर कमी आहे, सोडा की ओ साहेब, हुबळीहून आलोय." नाही सोडत. कारण वयाचा प्रश्नच नाही, मांडीवर येणारा लॅप बार नाहीतर खांद्यावरनं येणारा हार्नेस ठराविक अंगापिंडाला घट्ट बसतो, बारक्या पोराला फट राहते, आणि गाडी वळणावर उचलली की ती फट पुरते. पण "नाही" कसं म्हणायचं हे नाटकवाल्याला कळतं. मी खाली बसतो, त्याच्या उंचीला येतो, रेषेवर बोट ठेवतो आणि सांगतो, पुढच्या मे महिन्यात इथं डोकं लागलं पाहिजे, दूध पी. मोठं होण्याची घाई लागलेली पोरं बघायला मला लई आवडतं, माझ्या वेळी सगळे मी बारका राहावा म्हणून बसले होते.

बाकी राइड म्हणजे सकाळ. गेट उघडायच्या आधी गाडी रिकामी फिरवून बघतात, बोल्ट, ब्रेक, सेन्सर, सगळ्यावर सह्या होतात. रुळाचे भाग पाडलेले असतात, पुढच्या भागातली गाडी निघाल्याशिवाय मागची आत सोडतच नाही सिस्टीम. आणि लाइन, म्हणजे रांग, ती पण नाटकच आहे, वळणावळणानं नेतात म्हणजे किती लांब आहे ते कळत नाही, मधे काहीतरी बघायला ठेवतात. शूटिंगला थांबायची सवय असलेल्या माणसाला रांगेत उभ्या लोकांचं कळतं, कधी कंटाळतात, कधी चिडतात, कधी एक जोक पुरतो.

भाषेचं मात्र आपल्याकडच्या माणसाला फुकटचं भांडवल आहे. मी माइकवर कन्नडमध्ये "बन्नी बन्नी, निधान", म्हणजे या या, सावकाश, म्हणतो, कोल्हापूर सांगलीची शाळेची ट्रिप आली की मराठी, मग हिंदी, आणि गोव्याची मंडळी आली की कोकणीतले चार शब्द. बेंगळुरूच्या पोरांना याचं नवल वाटतं, आपल्याकडं भाजी मार्केटमध्ये पण असंच चालतं.

थीम पार्क म्हणजे फक्त मोठे पाळणे असं पण नव्हे हं. कोल्हापूरजवळ कणेरी मठावर जुनं गाव उभं केलंय, बलुतेदारांचे पुतळे, सुतार, कुंभार, विहिरीवरच्या बायका, आपल्या सगळ्यांची शाळेची सहल तिथं गेलेली असणार. इकडं हुबळीच्या पुढं शिग्गावजवळ गोटगोडीला उत्सव रॉक गार्डन, तिथं पण खेड्यातलं जगणं पुतळ्यांतनं दाखवलंय, एका चित्रकारानं उभं केलेलं. एक कथा धरायची आणि तिच्यातनं माणसं चालवायची, बास. मला तर वाटतं आपल्याकडं चिंचलीच्या मायक्काच्या, सौंदत्तीच्या यल्लम्माच्या यात्रेला गर्दी सांभाळणारी जी माणसं आहेत ती कुठल्याही पार्कात उद्या मॅनेजर होतील, पण त्यांना कोण विचारतंय.

आता दोन गोष्टी आईबापांसाठी, कारण मला फोनवर हेच विचारतात. पोराला ऑडिशनला पाठवत असाल तर पाठवा, पण 2017 पासनं नियम आहे, दिवसाला पाच तासांच्या वर काम नाही, सलग तीन तासांच्या वर विश्रांतीशिवाय नाही, सलग 27 दिवसांच्या वर नाही, आणि पैशातला निदान 20 टक्के भाग पोराच्या नावानं राष्ट्रीयीकृत बँकेत एफडी. कलेक्टरची परवानगी लागते. प्रॉडक्शनवाल्याला हे विचारायला लाजायचं नाही, एफडीची पावती मागायची.

आणि पार्कातच यायचं असेल तर अ‍ॅक्टिंगवाल्यापेक्षा आधी फिटर, इलेक्ट्रिशियनला घेतात हे स्पष्ट सांगतो. कितीतरी राइड हायड्रॉलिक नाहीतर हवेच्या प्रेशरवर चालतात, आणि सिलिंडर, व्हॉल्व, सील याचं काम आपल्या बेळगावच्या उद्यमबागेत, कारखान्यांच्या वसाहतीत, पोरं आयटीआय करून रोज करतात. त्यांनी अर्ज टाकावा. मे आणि दिवाळीच्या आधी भरती होते, पावसाळ्यात गर्दी नसते तेव्हा पगार कमी पडतो, हे धरून चला. आणि बायोडेटात गल्लीच्या गणपतीत नाटकात काम केलं असेल तर तेही लिहा, लाजू नका, आमच्या साहेबांनी माझ्या कागदावर सगळ्यात आधी तीच ओळ वाचली होती.