गाणं न वाजवता गाण्यावर बोलायचं

(दृश्य: फोंड्यातलं कौलारू घर, बाहेर धो धो पाऊस. आत टेबलावर माइक आणि एडिटिंगचा स्क्रीन.)

१९७७ चा 'अमर अकबर अँथनी'. भल्यामोठ्या अंड्यातून उंच टोपीवाला अमिताभ बाहेर येतो आणि आपलं नाव सांगतो: अँथनी गोन्साल्विस. या नावाचा खरा माणूस गोव्यातल्या माजोर्ड्याचा. व्हायोलिनवादक, संगीत संयोजक आणि या सिनेमाच्या लक्ष्मीकांत-प्यारेलाल या संगीतकार जोडीतल्या प्यारेलाल यांचे व्हायोलिनचे गुरू. शिष्याने गुरूचं नाव अख्ख्या देशाच्या तोंडी बसवलं.

गोव्यात बसून मराठीत सिनेमावर व्हिडिओ निबंध करणाऱ्याला याहून चांगला विषय कुठला मिळणार? असे विषय इथे पावलोपावली आहेत. १९६६ च्या कोकणी 'निर्मोण'वरून १९६७ चा हिंदी 'तकदीर' झाला, हा तर अख्खा एक भाग आहे. अडचण एकच: ज्या गाण्यावर बोलायचं, ते वाजवता येत नाही.

(दृश्य: अपलोडचं पान, त्यावर कॉपीराइटची सूचना.)

हक्कधारक आपल्या मूळ फायली यूट्यूबला देतात आणि चढणारा प्रत्येक व्हिडिओ यूट्यूबची कंटेंट आयडी ही यंत्रणा त्यांच्याशी ताडून बघते. जुळलं की क्लेम, म्हणजे हक्काचा दावा. मग हक्कधारक व्हिडिओ अडवू शकतो किंवा त्यावरच्या जाहिरातींचं उत्पन्न स्वतःकडे घेऊ शकतो. पेटीवर चाल वाजवून दाखवली तरी सुटका होईलच असं नाही, कारण नुसत्या सुरावटीवरूनही गाणं ओळखलं जातं. चित्र आरशासारखं उलटवायचं, वेग वाढवायचा, असल्या युक्त्या कृपा करून करू नका. चित्र बिघडतं आणि हेतूवरही शंका येते.

भारताच्या १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात कलम ५२ आहे. समीक्षेसाठी केलेला रास्त वापर त्यात मान्य आहे. पण किती सेकंद म्हणजे रास्त, असा आकडा कायद्यात कुठेच नाही. आणि क्लेम आला की तुमची हरकत आधी कोर्टात नाही, हक्कधारकाकडेच जाते. उत्तर द्यायला त्याला ३० दिवस. हरकत क्लेमपासून ५ दिवसांच्या आत घेतली, तर पहिल्या दिवसापासूनचं उत्पन्न राखून ठेवलं जातं. उशीर केला तर हरकतीच्या दिवसापासूनचंच. नव्या व्हिडिओला बरेचदा सुरुवातीलाच जास्त प्रेक्षक मिळतात, म्हणून हे ५ दिवस जपायचे. मात्र हरकत उगाच घ्यायची नाही. वाद वाढून व्हिडिओ काढायला लावला गेला तर स्ट्राइक, म्हणजे चॅनलवर यूट्यूबचा ठपका बसतो, आणि ९० दिवसांत ३ स्ट्राइक म्हणजे चॅनल जाऊ शकतं. व्हिडिओ दोन दिवस आधी 'खाजगी' ठेवून चढवा. क्लेम तिथेच दिसतो, आणि कापाकापीला वेळ मिळतो.

(दृश्य: टाइमलाइन. क्लिप कापली जाते.)

आता हा तुकडा बघा. मूळ दृश्य २० सेकंदांचं घेतलं होतं. त्यातले ३ ठेवले. आवाज पूर्ण बंद. अमिताभ बाहेर आला तिथे चौकट गोठवली आणि तिच्यावर निवेदन सुरू झालं. क्लिप सजावट म्हणून आली की ती कापावी. वाक्याचा पुरावा म्हणून आली तरच ठेवावी. हा नियम कायद्यापुरता नाही, लिखाणही त्यानेच सुधारतं. गाणं ऐकवता येत नाही म्हटल्यावर ते शब्दांत उभं करावं लागतं, आणि इथेच चांगला निबंधकार ओळखू येतो.

मिनिटाला साधारण १२० शब्द धरा. १२ मिनिटांच्या निबंधाला १४०० ते १५०० शब्द लागतात. संहिता मोठ्याने वाचा. जिथे श्वास अडतो, तिथे वाक्य तोडा. आणि पेडण्याचा किंवा सत्तरीचा हेल असेल तर तो पुसू नका, तो आवाज आपलाच आहे.

पावसाळ्यात मात्र कौलं दगा देतात. पावसाचा आवाज वेव्हफॉर्मवर, म्हणजे स्क्रीनवरच्या आवाजाच्या आलेखावर, सलग जाड पट्ट्यासारखा दिसतो. नॉइज रिडक्शनने तो काढायला गेलं की माणूस पाण्याखालून बोलल्यासारखा वाटतो. त्यापेक्षा सर थांबण्याची वाट बघा. तोंड माइकपासून वीतभर दूर, मागे दोरीवर जाड रजई. सर्वांत मोठा आवाज रेकॉर्डिंगच्या मीटरवर उणे ६ डेसिबलच्या खालीच राहू द्या. सुरुवातीला ३० सेकंद गप्प बसून नुसती खोली रेकॉर्ड करा. पुढे दोन वाक्यांमधल्या फटी बुजवायला तीच शांतता वापरायची. लेन्स सिलिका जेलसकट हवाबंद डब्यात, नाहीतर गणपतीपर्यंत काचेवर बुरशी आलीच म्हणून समजा.

(दृश्य: घराच्या दारावरचा क्रमांक, पोस्टमन.)

पैशांचं थोडक्यात. जाहिरातींच्या वाट्यासाठी १००० सबस्क्रायबर आणि १२ महिन्यांत ४००० तास पाहिलं जाणं, हा लांब व्हिडिओंचा रस्ता. या व्हिडिओंच्या पानावरच्या जाहिरात उत्पन्नातले ५५ टक्के निर्मात्याला मिळतात. मधल्या जाहिराती ८ मिनिटांपासून पुढच्या व्हिडिओंना लागतात, पण त्यासाठी ६ मिनिटांचा विषय ताणू नका. खात्यात १० डॉलर जमले की पत्ता पडताळायचा पिन टपालाने येतो. गोव्यात तो पोचायचा तर गावाच्या नावासोबत घर क्रमांक आणि वाड्याचं नाव दोन्ही लिहा. नुसतं 'देवळाजवळ' लिहिलेलं पाकीट परत गेलं, तर नवा पिन मागवून पुन्हा काही आठवडे पोस्टमनची वाट बघावी लागते.