वॉल्टनची टेकडी, हेपवर्थचा स्टुडिओ आणि केविन ब्राउनलो

नमस्कार मंडळी. सिनेमावर बोला म्हणून सांगितल्यावर बऱ्याच जणांना वाटलं की मी दादासाहेब फाळक्यांवर बोलणार. फाळके मध्ये येणारच आहेत, पण आजचा माणूस वेगळा आहे. केविन ब्राउनलो, इंग्लिश दिग्दर्शक, जन्म १९३८, ससेक्स. फीचर फिल्म दोनच, त्याही दुसऱ्या एकासोबत मिळून केलेल्या, आणि तरी माझ्या मते ब्रिटिश सिनेमात स्वतःच्या हिंमतीवर काम करणाऱ्यांत त्यांच्याइतका चिवट माणूस दुसरा नाही.

१९५६ साली हा मुलगा १८ वर्षांचा, लंडनला एका डॉक्युमेंटरी कंपनीत नोकरीला, आणि डोक्यात एकच प्रश्न की १९४० मध्ये जर्मनीने इंग्लंड खरंच जिंकलं असतं तर इथली साधी माणसं कशी वागली असती. त्यावर पिक्चर काढायचा ठरवलं. पैसे नाहीत, स्टुडिओ नाही. शूटिंग सुरू झाल्यावर अँड्र्यू मोलो भेटला, वय १६, लष्करी गणवेशांचं प्रचंड वेड. त्याने झालेलं काम बघून तोंडावर सांगितलं की हे कपडे चुकीचे आहेत, असं काही नव्हतं. दुसरा कोणी असता तर चिडला असता, पण ब्राउनलोने आधीचं बरंचसं बाजूला ठेवून मोलोला पार्टनर केलं आणि नव्याने सुरुवात केली. मग पुढची आठ वर्षं, हो आठ, सुट्टीच्या दिवशी शूटिंग, फुकट काम करणारी हौशी माणसं, मागून आणलेलं सामान. स्टॅन्ली कुब्रिकने त्याच्या 'डॉक्टर स्ट्रेंजलव्ह'ची उरलेली कोरी फिल्म देऊन टाकली आणि शेवटी दिग्दर्शक टोनी रिचर्डसनने पैसे दिले तेव्हा कुठे 'इट हॅपन्ड हिअर' पूर्ण झाला. एकूण खर्च सात हजार पाउंडांच्या आसपास!

त्यातली पॉलीन ही नर्स काही दुष्ट बाई नाही, तिला फक्त सगळं पूर्ववत व्हायला हवंय, काम हवंय, म्हणून ती नव्या राजवटीच्या संघटनेत जाते. पुढे तिची बदली खेड्यातल्या एका छान, शांत दवाखान्यात होते, तिथे आजारी परदेशी मजुरांना इंजेक्शनं द्यायची असतात, ती देते, आणि सकाळी कळतं की ते सगळे मेलेत. कुठे आरडाओरडा नाही की संगीताचा दणदणाट नाही. ते बघून मला झोप लागली नव्हती, आजही त्याबद्दल बोलताना अस्वस्थ व्हायला होतं.

एका प्रसंगात त्यांनी खऱ्याखुऱ्या ब्रिटिश फॅसिस्टांनाच कॅमेऱ्यासमोर बोलू दिलं होतं. त्यावर ज्यू संघटनांनी आक्षेप घेतला आणि युनायटेड आर्टिस्ट्स या वितरक कंपनीने रिलीजच्या वेळी तो भाग काढून टाकला, नंतर बऱ्याच वर्षांनी तो परत जोडला गेला. आक्षेप घेणाऱ्यांचं दुःख खरं होतं, युद्ध संपून वीस वर्षंच झाली होती. पण ते विष लोकांनी त्या माणसांच्याच तोंडून ऐकायला हवं होतं असं मला ठामपणे वाटतं.

दुसरा पिक्चर 'विन्स्टन्ली', १९७५, परत मोलोबरोबर. आणि इथे आपल्या इंग्लंडमधल्या सरे परगण्यात राहणाऱ्या मराठी मंडळींनी कान द्या. १६४९ साली, पहिल्या चार्ल्स राजाचं डोकं उडवल्यानंतर दोनच महिन्यांनी, जेरार्ड विन्स्टन्ली आणि त्याच्या गरीब साथीदारांनी आपल्या सरेतल्याच वॉल्टन गावाजवळच्या सेंट जॉर्जेस हिल या टेकडीवर पडीक जमीन खणून गाजरं, शेंगा लावल्या आणि सांगितलं की जमीन सगळ्यांची आहे. इतिहासात त्यांना डिगर्स म्हणतात. जमीनदारांनी मारहाण करून, घरं पाडून त्यांना हाकललं. आज त्याच टेकडीवर गेटबंद, कोट्यवधींचे बंगले आणि गोल्फ कोर्स आहे. पिक्चरमध्ये विन्स्टन्ली झालेला माइल्स हॅलिवेल हा शाळामास्तर, जवळजवळ सगळे कलाकार हौशी, जनावरं जुन्या जातीची शोधून आणलेली, आणि लढाईसाठी चिलखतं थेट टॉवर ऑफ लंडनमधून. चिखल, पाऊस, थंडी सगळं अस्सल.

त्यानंतर ब्राउनलोला फीचर फिल्म करायला मिळालीच नाही आणि हे ब्रिटिश सिनेमाचं नुकसान आहे, दुसरा शब्द नाही.

पण त्यांचं दुसरं वेड शाळेपासूनच चालू होतं, मूकपट. साडेनऊ मिलिमीटरची घरगुती फिल्म यायची तेव्हा, भोकं कडेला नाही तर मधोमध. त्यात त्यांना फ्रेंच दिग्दर्शक आबेल गान्सच्या १९२७ च्या 'नेपोलियन'ची दोन रिळं मिळाली आणि पोरगा वेडाच झाला, उरलेले तुकडे शोधायला लागला तो पुढे आयुष्यभर. देशोदेशीच्या संग्रहांतून तुकडे आणून जुळवले. १९७९ मध्ये अमेरिकेत टेल्युराइडच्या चित्रपट महोत्सवात तो उघड्यावर दाखवला तेव्हा ८९ वर्षांचे गान्स हॉटेलच्या खिडकीतून आपलाच पिक्चर बघत होते. पुढच्या वर्षी लंडनच्या लेस्टर स्क्वेअरला संगीतकार कार्ल डेव्हिसच्या जिवंत ऑर्केस्ट्रासकट जवळजवळ पाच तासांचा शो झाला. डेव्हिड गिलबरोबर केलेली 'हॉलिवूड' आणि 'अननोन चॅप्लिन' या टीव्ही मालिका जमल्या तर नक्की बघा. २०१० मध्ये त्यांना मानद ऑस्कर मिळालं.

आता फाळके. १९१२ साली फाळके लंडनला आले, विल्यम्सन कॅमेरा घेतला आणि सेसिल हेपवर्थच्या स्टुडिओत जाऊन सगळं काम डोळ्यांनी बघितलं. तो स्टुडिओ वॉल्टनलाच! डिगर्सच्या टेकडीपासून अगदी जवळ. परत जाऊन १९१३ मध्ये 'राजा हरिश्चंद्र'. आणि हेपवर्थचं काय झालं? १९२४ मध्ये कंपनी बुडाली आणि त्याच्या निगेटिव्ह वितळवून टाकल्या. आपल्याकडेही 'राजा हरिश्चंद्र'ची जेमतेम काही रिळं उरलीत, तीही पुण्याच्या फिल्म संग्रहालयात पी. के. नायर यांच्यासारखा माणूस होता म्हणून. नायर आणि ब्राउनलो, दोघांनी तेच केलं, लोक कचरा समजत होते त्याच्यामागे धावले.

म्हणून एक विनंती. साठ-सत्तरच्या दशकात इथे आलेल्या आपल्या काका-मावशींकडे सुपर एटची, म्हणजे घरगुती कॅमेऱ्यावर काढलेल्या फिल्मची रिळं नक्की असतील, लग्नं, पहिला बर्फ, जुने गणपती. माळ्यावर किंवा गॅरेजमध्ये ठेवू नका, थंड कोरड्या जागी ठेवा. डबा उघडल्यावर व्हिनेगरसारखा वास आला तर फिल्म खराब व्हायला लागलीये, तो डबा बाकीच्यांपासून लगेच वेगळा करा. घरच्या प्रोजेक्टरवर लावून बघायचा मोह टाळा, तुटते. डिजिटल करून घ्यायची सोय मंडळ बघतंय, आज जाताना टेबलावरच्या वहीत नाव आणि किती डबे आहेत तेवढं लिहून जा.