मेले बेटावर कुणी मरत नाही

(दृश्य : निन्टेण्डो डीएस या हातात धरून खेळायच्या दोन पडद्यांच्या यंत्राचा खालचा पडदा, अगदी जवळून. निळ्या-काळ्या ठिपक्यांची जाळी. कॅमेरा सावकाश मागे.)

ठिपके मोजू नका. आम्ही मोजायला बसलो होतो, म्हणून सांगतो. एक निळा, एक काळा, पुन्हा निळा, पुन्हा काळा. कॅमेरा मागे आला की त्या ठिपक्यांचं आभाळ होतं. आभाळाखाली डोंगर, डोंगराच्या पायथ्याशी गाव, गावात पिवळे दिवे. हे मेले बेट. कॅरिबियन समुद्रातलं, पण कुठल्याच नकाशावर नसलेलं. मराठी कानाला नाव अशुभ वाटेल, पण घाबरू नका. या बेटावर कुणी मरत नाही. खेळणारा तर नाहीच. म्हणजे, एक जागा सोडून. तिथे शेवटी जाऊ, कारण तेवढ्या एका दृश्यासाठी कॅमेऱ्याची अख्खी बॅटरी गेली.

१९९० साली लुकासफिल्म गेम्स या कंपनीने 'द सीक्रेट ऑफ मंकी आयलंड' हा व्हिडिओ गेम बाजारात आणला. मेले बेट त्यातलंच. रॉन गिल्बर्ट, टिम शेफर आणि डेव्ह ग्रॉसमन या तिघांनी तो लिहिला. गायब्रश थ्रीपवुड नावाचा एक हडकुळा पोरगा बंदरावर येतो आणि म्हणतो, मला समुद्री चाचा व्हायचंय. गोष्ट एवढीच. रात्रीचं हे आभाळ रंगवलं मार्क फेरारी या चित्रकाराने. तेव्हाच्या ईजीए पडद्यावर रंग मिळायचे १६, आणि त्यातले निम्मे लग्नाच्या मांडवात शोभतील असे भडक. फेरारीने दोन रंगांचे ठिपके शेजारी शेजारी मांडले. काचेच्या जुन्या, ढेरपोट्या मॉनिटरवर ते एकमेकांत विरघळायचे आणि डोळ्याला तिसराच रंग दिसायचा.

(दृश्य : टेबल. डीएसची बिजागरी, तिच्यावरची चीर. बॉलपेनचं टोपण पडद्यावर टेकतं.)

हा डीएस मुंबईच्या लॅमिंग्टन रोडवरून घेतलेला, सेकंडहॅण्ड. बिजागरीला चीर आहे, स्टायलस हरवलेला आहे, म्हणून पेनाचं टोपण. याच्या पडद्यावर आडवे ठिपके २५६. गेमचं चित्र मात्र ३२० ठिपके रुंद. म्हणजे दर पाच ठिपक्यांना चार जागा, एकाने दाटीवाटीने शेजाऱ्याच्या मांडीवर बसायचं. त्यामुळे फेरारीच्या आभाळात या बारीक उभ्या रेघा उठल्या आहेत. दिसल्या? कॅमेऱ्याचा दोष नाही तो.

खाली क्रियापदं आहेत. उघड, बंद कर, ढकल, ओढ, उचल, बोल, दे, वापर... अशी १२. एखादं क्रियापद निवडायचं, मग वस्तू, आणि पडद्यावर वाक्य तयार होतं. पुढच्या आवृत्त्यांमध्ये त्यांची ९ झाली. बारा क्रियापदं या एवढ्याशा पडद्यावर बोटाने दाबणं हा वेगळाच खेळ आहे. त्यासाठी वरच्या पडद्यावर तेच चित्र मोठं करून दाखवायची सोय केली आहे.

ही सोय कुणी केली? इथे जरा थांबू या, कारण हा सगळा व्हिडिओ खरं तर त्यासाठी आहे.

(दृश्य : लॅपटॉपचा पडदा. हेक्स एडिटर, म्हणजे फाइलमधला बाइट न् बाइट दाखवणारा प्रोग्राम. 'मंकी टू' या फाइलमध्ये एका ओळीत नुसती 'आय' अक्षरं.)

थोडं मागे जाऊ. १९८७. कॅलिफोर्नियात, जॉर्ज लुकास यांच्या स्कायवॉकर रँचवर गिल्बर्ट आणि गॅरी विनिक 'मॅनियाक मॅन्शन' करत होते. मशीन कमोडोर ६४, त्या काळचा घरगुती कॉम्प्युटर. सगळं असेम्ब्लीत, म्हणजे थेट यंत्राच्या भाषेच्या जवळ, लिहायचं म्हटलं तर पात्राने एक दार उघडायचं तरी पानभर कोड. मग चिप मॉर्निंगस्टार या सहकाऱ्याच्या मदतीने गिल्बर्टने एक छोटी भाषा तयार केली. नाव 'स्कम'. विस्तार करून सांगायचं तर 'मॅनियाक मॅन्शनसाठी स्क्रिप्ट बनवायचं साधन'. इंग्रजीत या शब्दाचा अर्थ पाण्यावरचा मळ, आणि या मंडळींना तो प्रकार इतका आवडला की पुढच्या साधनांना त्यांनी थुंकी, शेंबूड अशा अर्थांची नावं ठेवली. मोठ्या माणसांनी चालवलेली कंपनी होती, हे लक्षात असू द्या.

पण कल्पना पक्की होती. पोथी वेगळी, पोथी वाचणारा वेगळा. गेमची गोष्ट, संवाद, कुठली किल्ली कुठल्या कुलपाला, हे सगळं पोथीत. ती पोथी एकच. आणि प्रत्येक कॉम्प्युटरसाठी एक वाचणारा प्रोग्राम. कमोडोरसाठी एक, पीसीसाठी एक, अमिगासाठी एक. वाचणारा बदलला की पोथी नव्या गावात वाचता येते.

पुढे डॉसचा, म्हणजे जुन्या पीसींच्या प्रणालीचा, जमाना गेला आणि वाचणारेच संपले. पोथ्या मात्र लोकांच्या कपाटात तशाच, फ्लॉपीवर, सीडीवर.

२००१ साली स्वीडनमधल्या लुडविग स्ट्रिगेअस या तरुण प्रोग्रामरने 'मंकी आयलंड २' घेतला आणि तो आतून कसा चालतो हे उकलायला बसला. हाताशी मूळ कोड नाही, कागदपत्र नाही. ही जी फाइल दिसते आहे, ती उघडली की पहिल्यांदा नुसता कचरा दिसतो. पण नीट बघा, 'आय' हे अक्षर किती वेळा येतंय. आय, आय, आय, आय. चाच्यांच्या गेममध्ये आज्ञाधारक खलाशी 'आय, आय', म्हणजे 'जी हुजूर', ओरडतायत असंच वाटतं. कारण साधं आहे. कंपनीने फाइलमधल्या प्रत्येक बाइटवर एकाच आकड्याचा मुलामा दिला होता. सोळा-आधारी पद्धतीत तो आकडा ६९, आपल्या दशमान पद्धतीत १०५. जिथे मुळात शून्य होतं, तिथे तो आकडा उघडा पडतो. आणि अक्षरांच्या तक्त्यात १०५ म्हणजे छोटं 'आय'. कुलूप असं की किल्ली दारावरच हजार वेळा लिहिलेली.

(दृश्य : तीच फाइल. एक कळ दाबली. कचऱ्यातून इंग्रजी वाक्यं वर येतात.)

हे बघा. मुलामा उतरला. हे संवाद आहेत.

म्हणजे अर्धंच काम झालं. संवाद सापडले तरी हुकूम उरतात : कुठला बाइट म्हणजे 'चाल', कुठला म्हणजे 'संगीत लाव', कुठला म्हणजे 'तीन सेकंद थांब आणि मग कुत्र्याला शेपटी हलवू दे'. एकेक हुकूम करून बघायचा, मूळ गेमशी ताडायचा, चुकला की परत. त्याच सुमारास व्हिन्सेंट हॅम हा दुसरा प्रोग्रामरही असाच उद्योग करत होता. दोघांनी हातमिळवणी केली. ऑक्टोबर २००१ मध्ये त्यांचा नवा वाचणारा बाहेर आला. नाव 'स्कमव्हीएम'. कोड सगळ्यांना खुला, जीपीएल परवान्याखाली. ज्याला हवा त्याने घ्यावा, बदलावा, बदल परत द्यावा. लोकांनी तेच केलं. ड्रीमकास्ट, पीएसपी अशा गेमयंत्रांवर नेला. नील मिलस्टोन या प्रोग्रामरने डीएसवर आणला. डीएसची स्मृती जेमतेम ४ मेगाबाइट. सगळ्या गेमांचे वाचणारे एकत्र मावेनात, म्हणून त्यांचे तुकडे करून ए, बी, सी अशी नावं दिली. मंकी आयलंड 'ए'मध्ये. पाचाचे चार ठिपके करायची कसरत आणि वरच्या पडद्यावरची भिंगाची सोय, दोन्ही इथलीच. पगार नाही, बोनस नाही, डब्यावर नावही नाही, कारण डबाच नाही.

एक गोष्ट मुद्दाम सांगतो. स्कमव्हीएम तुम्हाला मंकी आयलंड देत नाही. वाचणारा त्यांचा, पोथी तुम्ही आणायची. ही आमची.

(दृश्य : पुठ्ठ्याची चकती, झेरॉक्सची. दोन वर्तुळं मध्ये खिळ्याने जोडलेली. फिरताना अर्धे चेहरे जुळतात.)

आणि ही आमची नव्हती. मूळ गेमसोबत अशी चकती यायची. गेम सुरू करताना एका चाच्याचा चेहरा दिसायचा. चकतीवर वरचा अर्धा चेहरा आणि खालचा अर्धा जुळवला की साल सापडायचं, ते टाकलं तरच पुढे जाता यायचं. चोरी होऊ नये म्हणून. आमच्या घरी आली ती चकतीची झेरॉक्स. चाच्यांच्या गेमची चोरी. दंडाला पात्र आहोत. पुढे सगळे भाग रीतसर विकत घेतले, त्याच्या पावत्या पडद्यावर दाखवल्या आहेत. पुढे.

(दृश्य : शंभर पानी वही. निळी शाई. डाव्या बाजूला वाक्य, उजव्या बाजूला वाक्य, मध्ये बाण.)

वहीतलं अक्षर दादाचं.

मेले बेटावर तलवारबाजी शिकायची असते, आणि तिथे तलवारीचा काही उपयोग नसतो. समोरचा एक झणझणीत अपमान फेकतो. तुमच्याकडे चपखल उत्तर असेल तर तो एक पाऊल मागे, नसेल तर तुम्ही. कलगी-तुऱ्याचे सवाल-जवाब ज्याने ऐकले आहेत त्याला हे समजावून सांगायची गरज नाही. हरलात तरी फुकट जात नाही, कारण समोरच्याचा अपमान तुमच्या पोतडीत जमा होतो आणि पुढच्या चाच्यावर तुम्ही तो फेकायचा, मग त्याचं उत्तर ऐकून घ्यायचं. असं रस्त्यावर चाचे गाठत गाठत शिकायचं. खरी गंमत पुढे आहे. तलवारीची सर्वश्रेष्ठ उस्ताद, कार्ला, वेगळेच अपमान फेकते. एकही ओळखीचा नाही. उत्तरं मात्र तुमच्याकडची तीच चालतात, फक्त आता त्यांचा अर्थ दुसऱ्या बाजूने लागतो. शाहिराने एकच ओळ दोन अर्थांनी फिरवावी तशी.

(वहीचं पान उलटतं. शेवटचे बाण पेन्सिलने, वेगळ्या अक्षरात.)

हे माझं.

(दृश्य : जंगलातलं झाडाचं खुंट. गायब्रश वाकून बघतो.)

जुन्या फ्लॉपी आवृत्तीत या खुंटात डोकावलं की गायब्रशला खाली भुयारांचं जाळं दिसायचं आणि गेम म्हणायचा, २२ नंबरची फ्लॉपी टाका. मग ३६. मग ११४. अशा फ्लॉप्या नव्हत्याच. लोकांनी कंपनीला फोन करकरून भंडावलं, तेव्हा पुढच्या आवृत्तीतून विनोद काढून टाकला. डीएसवर आम्ही मुद्दाम जुनी आवृत्ती चालवली, ती यासाठी. फ्लॉपी टाकायला भोक नसलेलं यंत्र फ्लॉपी मागतं आहे, हे दृश्य आमच्या संकलकाला इतकं आवडलं की त्याने ते तीन वेळा लावलं होतं. दोन काढली.

बाकी इतिहास भराभर. दुसरा भाग १९९१, त्यानंतर गिल्बर्ट कंपनी सोडून गेला. तिसरा १९९७, चौथा २०००, पाचवा २००९, यांची सूत्रं त्याच्याकडे नव्हती. २०१२ मध्ये डिस्नीने लुकासफिल्म विकत घेतली, २०१३ मध्ये गेम बनवणारा विभाग बंद केला. डिस्नीलँडमधल्या चाच्यांच्या राइडवरून गिल्बर्टला ही कल्पना सुचली होती, तेव्हा फिरून बेट तिथेच गेलं म्हणायचं.

(दृश्य : निन्टेण्डो स्विच. मोठा, चकचकीत पडदा. कागद कापून केल्यासारखी चित्रं.)

१९ सप्टेंबर २०२२ ला 'रिटर्न टू मंकी आयलंड' आला, पीसीवर आणि स्विचवर, एकाच दिवशी. गिल्बर्ट आणि ग्रॉसमन परत आले, गोष्ट दुसऱ्या भागाच्या शेवटाला जोडली. बारा क्रियापदं गेली. आता काठी ढकलली की गायब्रश चालतो आणि वस्तूजवळ गेलं की बटण दिसतं. चित्रांची शैली पाहून जुन्या चाहत्यांनी आरडाओरडा केला. आम्हीही केला, आणि पहिल्या तासानंतर विसरलो. अडलात तर गायब्रशच्या झोळीत सूचनांचं पुस्तक असतं. ते आधी थोडंसं सुचवतं, मग थोडं जास्त, अगदीच हात टेकले तर उत्तर देतं. एवढं पुरे. डीएसकडे परत या, बॅटरीचा दिवा लाल झालाय.

(दृश्य : कडा. गायब्रश पडतो. पडद्यावर मृत्यूची पाटी.)

त्या काळच्या गेममध्ये चुकीच्या जागी पाऊल टाकलं की मेलात, पुन्हा पहिल्यापासून. गिल्बर्टला याची चीड होती. १९८९ साली त्याने त्यावर लेखच लिहिला. मग स्वतःच्या गेममध्ये हा कडा ठेवला. पाटी येते, काळजात धस्स होतं, आणि दुसऱ्या क्षणी गायब्रश खालून उसळून वर. खाली रबराचं झाड होतं म्हणे.

(दृश्य : पाण्याखाली. पायाला दोर, दोराला जड मूर्ती. आजूबाजूला वाळूत तलवारी, सुऱ्या, कात्री. कोपऱ्यात घड्याळ.)

आणि ही ती जागा. शेरीफने त्याला मूर्तीला बांधून बंदरावरून खाली फेकलं आहे. गायब्रश पहिल्यापासून बढाई मारत आला आहे की मी १० मिनिटं श्वास रोखू शकतो. भोवती ढीगभर धारदार वस्तू दिसतात, एकीपर्यंतही हात पोचत नाही. सुटका अगदी सोपी आहे : मूर्ती उचलायची आणि चालू लागायचं. दादाने उचलली नव्हती. त्याला बघायचं होतं.

आम्ही पण नाही उचलली. कॅमेरा लावला आणि बसलो. तुमच्यासाठी ही दहा मिनिटं वीस सेकंदांत.

(दृश्य : घड्याळाचा काटा पळतो. गायब्रशचा रंग बदलतो. खालची क्रियापदं जातात, नवी येतात.)

नऊ मिनिटं पन्नास. दहा.

खाली बघा. 'उघड', 'ढकल', 'उचल' गेलं. आता क्रियापदं आहेत तरंगायचं, फुगायचं, कुजायचं. आणि त्यांच्यातच एक : सूचनांचं पुस्तक मागवायचं.

(पेनाचं टोपण त्यावर टेकतं. डीएसचा दिवा विझतो.)